कुबियाकच्या स्वयंपाकघरातलं एक मिनिट

आल्मुट टेरहॉर्स्ट मार्चमध्ये गेली, तेव्हा आमच्या हेर्न गावच्या पेपरात तिच्यावर अकरा ओळी आल्या. मी मोजल्या. सामाजिक प्रश्नांवर निर्भीडपणे माहितीपट करणारी वगैरे लिहून खाली चार फिल्मांची नावं दिली होती, त्यातलं एक चुकलेलं होतं. जी फिल्म तिने केलीच नाही, तिचा उल्लेख असायचं कारणच नव्हतं. पण मी आल्मुटबद्दल सांगायला बसलो की कुठूनही सुरुवात केली तरी त्या न झालेल्या फिल्मपाशीच येतो. त्याला मी तरी काय करू.

सव्वीस वर्षं मी तिच्याबरोबर आवाज रेकॉर्ड करायचं काम केलं. कॅमेरा ती स्वतःच लावायची. खोलीत तिसरं माणूस शिरलं की बोलणारा भाषण करायला लागतो, असं तिचं म्हणणं होतं. त्यामुळे सगळीकडे आम्ही दोघंच: ती, मी आणि माझी ती जुनी व्हॅन, जिला ती "लोथारची बायको" म्हणायची. माझी खरी बायको त्यावर कधी हसली नाही.

दिसायला आल्मुटमध्ये काही नव्हतं. बुटकी, रुंद, केस घरीच कापलेले, हिवाळ्या-उन्हाळ्यात तोच हिरवा स्वेटर. तिचं सगळं कसब गप्प बसण्यात होतं. प्रश्न एकदाच विचारायचा आणि मग बसून राहायचं. समोरचा उत्तर देऊन मोकळा झाला तरी ती तशीच बघत बसायची. दहा सेकंद, वीस सेकंद. माणसाला ते सोसत नाही. मग तो जे सांगायचं नव्हतं ते सांगायला लागतो. कत्तलखान्यातले रुमानियन मजूर, रात्रपाळीच्या नर्सेस, स्टेशनवर झोपणारा एक निवृत्त शिक्षक, सगळे असेच बोलले. तिचा नवरा भूगोल शिकवायचा. सोडून जाताना तो म्हणाला होता, "परक्यांसाठी तुझ्याकडे तीन तास असतात, माझ्यासाठी तीन मिनिटं." ती हे सगळ्यांना स्वतःच सांगायची, आणि वर म्हणायची, "तीन मिनिटांत संपायचं त्याचं. मी काय करणार?"

या फिल्मांनी काही बदललं का, असं कोणी विचारलं की ती चिडायची. कत्तलखान्यावरची फिल्म दाखवल्यावर एका मंत्र्याने तिचा हात हातात घेऊन "डोळे उघडलेत आमचे" असं म्हटलं होतं. महिनाभराने आम्ही पुन्हा गेलो, तर मजूर त्याच आठ जणांच्या खोलीत होते आणि फाटकाला नवीन कुलूप लागलं होतं. कॅमेरा आत येऊ नये म्हणून. आल्मुट त्या कुलपाकडे बघत म्हणाली, "चला, काहीतरी बदललं."

तिचा एक नियम होता आणि त्यापायी चॅनलवाले तिच्यावर वैतागायचे. फिल्म तयार झाली की सगळ्यात आधी ती त्यातल्या माणसांना दाखवायची, त्यांच्याच स्वयंपाकघरात, टेबलावर लॅपटॉप ठेवून, कॉफी आणि स्वतः भाजलेला केक घेऊन. त्यांनी "हे काढा" म्हटलं की ते काढायचं. का, असं विचारायचं नाही. या नियमापायी आमचे किती चांगले प्रसंग कचऱ्यात गेले ते मला माहीत आहे. मी कुरकुरलो की ती म्हणायची, "तोंड त्यांचं आहे, लोथार. आपण फक्त उसनं घेतलंय."

आता त्या फिल्मकडे येतो.

आमच्या लहानपणी हेर्नमध्ये कोणी पोर दंगा करू लागलं की आया म्हणायच्या, "वर पाठवीन हं." वर म्हणजे सावरलांडच्या डोंगरातलं एक अनाथालय. त्याचं नाव सांगत नाही, इमारतही आता पाडली आहे. अनाथच नव्हे, लग्नाआधी झालेली, बापाने टाकलेली, शाळा बुडवणारी, सगळी मुलं तिथे जायची. आल्मुटच्या शेजारची एक मुलगी वर गेली तेव्हा आल्मुट नऊ वर्षांची होती. ती मुलगी कुठे गेली हे तिने आईला विचारलं नाही, कारण विचारलं तर आपलीही पाठवणी होईल असं तिला वाटलं. "तिथून माझा धंदा सुरू झाला," ती म्हणायची. "तेव्हा गप्प बसले त्याची भरपाई."

या मुलांवर फिल्म करायची हे तिच्या मनात वर्षानुवर्षं होतं. मग रेक्लिंगहाउझेनहून रोस्विता लाम्पे नावाच्या बाईचं पत्र आलं. शाळेच्या स्वयंपाकघरात काम करणारी, चौपन्न वर्षांची बाई. ती आणि तिचा भाऊ योखेन, दोघंही वर होते. मुलींचं घर वेगळं, मुलांचं वेगळं. रविवारी कुंपणाच्या झुडपांतून एकमेकांना हात करायचा, बस. एकोणीसशे त्रेसष्टच्या ऑगस्टमध्ये एका रविवारी योखेन आला नाही. तो नऊ वर्षांचा होता, ती सात. पुढे आईला दोन ओळींचं पत्र आलं: मुलगा पळून गेला, ठावठिकाणा नाही.

रोस्विताकडे एकच फोटो होता. बटाट्याच्या शेतात दोन पोरं, मागे पेन्सिलीने "योखेन आणि विलफ्रीड कु." हा कु. शोधायला आल्मुटला चार वर्षं लागली. बर्लिन झालं, हॅम्बुर्ग झालं, दफ्तरखान्यांत अर्ज झाले. शेवटी विलफ्रीड कुबियाक सापडला तो आमच्याच गावात, वान्नेच्या जुन्या खाणकामगार वस्तीत, तिच्या घरापासून ट्रामने वीस मिनिटांवर. ज्या बेकरीतून ती पाव घ्यायची तिथूनच तो घ्यायचा.

आल्मुटने रोस्विताला फोन केला. "फ्राउ लाम्पे, सापडला."

पलीकडे नळ बंद केल्याचा आवाज आला. मग रोस्विता म्हणाली, "त्याला एवढंच विचारा, योखेन कुठल्या दिशेने गेला. मला दिशा कळली तरी पुरे."

दोन हजार चौदाचा फेब्रुवारी होता. कुबियाक एकसष्ट वर्षांचा, पण फुप्फुसं खाणीत गेलेली, नाकात ऑक्सिजनची नळी. बायको वारलेली. घरात एक निळा बजरीगर पक्षी, त्याचं नाव डायरेक्टर. आम्ही आत शिरताच कुबियाक म्हणाला, "बसा. डायरेक्टरला विचारल्याशिवाय इथे काही होत नाही. तो हो म्हणाला तर बोलेन."

"आणि नाही म्हणाला तर?" आल्मुट म्हणाली.

"तर तुम्हाला कॉफी मिळेल आणि मी खोकेन."

तो गमत्या होता. दुसऱ्या दिवशी दुपारी त्याने कपाटातून धान्याच्या दारूची बाटली काढली, तीन छोटे पेले भरले आणि म्हणाला, "हे अहो-जाहो पुरे झालं. मी विलफ्रीड." आमच्याकडे ही साधी गोष्ट नाही. पेल्याला पेला लावला, त्या क्षणापासून आम्ही आल्मुट आणि लोथार झालो, अगं आणि अरे.

दोन दिवस तो वरच्या घराबद्दल बोलला. धुलाईघर, बटाटे, थंड फरशी. जेवताना दोन्ही तळहात टेबलावर पालथे ठेवायचे, पाठ ताठ, तोंड बंद. पर्यवेक्षक बाईने हात वर केला की श्वाससुद्धा ऐकू येता कामा नये. बोलेल त्याला भट्टीशेजारी उभं करायचं, सगळे झोपेपर्यंत. हे त्याने हसत हसत सांगितलं, हात ठेवूनही दाखवले. योखेनचं नाव मात्र त्याने काढलं नाही. आल्मुटने पहिल्या दिवशी एकदा विचारलं, तिच्या पद्धतीने गप्प बसली, आणि त्याने पक्ष्याबद्दल बोलायला सुरुवात केली. ती दुसऱ्यांदा विचारणाऱ्यांतली नव्हती.

तिसऱ्या दिवशीही तेच. साडेचार वाजले, बाहेर अंधारून आलं, तेव्हा आल्मुट मान हलवत म्हणाली, "झालं, विलफ्रीड. छान बोललास. आता फक्त लोथारची शांतता घेतो आणि निघतो."

हे समजावून सांगायला हवं. प्रत्येक खोलीची आपली एक शांतता असते. रेडिएटर, रस्ता, भिंती. पुढे फिल्म कापताना दोन वाक्यांमध्ये भोक पडतं, ते बुजवायला त्याच खोलीची शांतता लागते. म्हणून काम संपलं की आम्ही साठ सेकंद काहीच न होणं रेकॉर्ड करतो. कोणी हलायचं नाही, बोलायचं नाही. हजार वेळा केलं असेल मी हे. फ्रिज सकाळीच बंद केलेला असतो, तो घुंई करतो म्हणून. पुन्हा चालू करायचा विसरू नये म्हणून मी माझी गाडीची किल्ली फ्रिजमध्येच ठेवतो. माझ्या धंद्यातले बरेच जण ठेवतात. मी भिंतीवरच्या घड्याळाचा लंबक थांबवला, डायरेक्टरवर फडकं टाकलं, कानांवर हेडफोन चढवले आणि डोळे मिटले. आल्मुट हातातल्या घड्याळाकडे बघत होती.

एकोणीस सेकंद झाले आणि काहीतरी आवाज आला. मला शब्द ऐकू आले नाहीत. तेवढ्या वर्षांनी त्या मिनिटात शब्द ऐकू येत नाहीत, व्यत्यय ऐकू येतो. मी डोळे न उघडता ओठांवर बोट ठेवलं आणि "शू" केलं. आल्मुटने मान वर न करता हात उंचावला. आवाज थांबला. साठ सेकंद पूर्ण झाले.

"विलफ्रीड, काही म्हणत होतास का?" आल्मुटने विचारलं.

"नाही," तो म्हणाला. "तुमचं आटोपलं का, बाई?"

तुमचं, म्हणाला, तुझं नाही. मी फ्रिज उघडून किल्ली काढत होतो. वळलो तेव्हा तो टेबलाशी ताठ बसला होता आणि त्याचे दोन्ही हात पालथे टेबलावर होते. मी पाहिलं आणि मला काही कळलं नाही. मला वाटलं, दमलाय. मी त्याला थंडगार किल्ली दाखवून काहीतरी विनोद केला. तो हसला नाही, हेही मी पाहिलं.

दहा दिवसांनी एडिटिंगला बसलो. एका ठिकाणी भोक बुजवायचं होतं म्हणून मी ती शांतता लावली. एकोणिसाव्या सेकंदाला, खोकल्याच्या घरघरीतून, अगदी हलक्या आवाजात कुबियाक म्हणतो: "योखेन काही पळून गेला नव्हता. त्याला..." आणि मग मी. "शू."

आल्मुटने ते तीन वेळा ऐकलं. मग उठून खिडकीपाशी गेली. "मी हात वर केला," ती म्हणाली.

"शू मी केलं," मी म्हणालो.

"तुझे डोळे मिटलेले होते. माझे उघडे होते, लोथार. मी घड्याळ बघत होते."

यावर आम्ही पुढे नऊ वर्षं भांडलो. दोघांनाही तो दोष स्वतःकडेच हवा होता, आणि तो काही दुसऱ्याला देण्याइतका लहान नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळीच ती सफरचंदाचा केक घेऊन वान्नेला गेली. कॅमेरा नाही, काही नाही. कुबियाकने दार उघडलं, कॉफी केली. तिने सगळं कबूल केलं आणि माफी मागितली. तो शांतपणे म्हणाला, "तुम्ही बोला म्हणालात, मी बोललो. गप्प बसा म्हणालात, बसलो. माफी कसली, बाई."

"विलफ्रीड, ते वाक्य पुरं कर. त्याच्या बहिणीसाठी."

"करतो ना," तो म्हणाला, आणि खरंच तोंड उघडलं. तिने मला नंतर सांगितलं, त्याच्या गळ्याची शीर हलताना तिला दिसत होती. मग तो म्हणाला, "नाही येत. एकदाच आलं होतं. पन्नास वर्षांत त्या दिवशी आलं."

ती अकरा गुरुवार गेली. कागद-पेन्सिल ठेवून पाहिली, शेजारी बसून पाहिलं, नुसतं फुटबॉलवर बोलून पाहिलं. तो शाल्केच्या मॅचवर तासभर बोलायचा, फुप्फुसांना शिव्या घालायचा, आणि योखेनचं नाव निघालं की थांबायचा. एका गुरुवारी मी हट्टाने बरोबर गेलो. मला माफी मागायची होती, मला मोकळं व्हायचं होतं. खरं कारण हेच, त्याच्या भल्याचं नव्हे. मी दारात दिसलो आणि त्याने बशी बाजूला सरकवून दोन्ही हात टेबलावर पालथे ठेवले. मी तसाच जिना उतरलो. पुन्हा कधी गेलो नाही, व्हॅनमध्ये बसून राहायचो.

मे महिन्यात तो हॉस्पिटलमध्ये गेला. डायरेक्टरला शेजारणीने नेलं. कुबियाकच्या दफनाला आम्ही धरून पाच माणसं होती.

वरचं घर चालवणाऱ्यांच्या कार्यालयातून उत्तर आलं: त्या वर्षाची कागदपत्रं उपलब्ध नाहीत. वकील म्हणाला, अर्ध्या वाक्यावर खटला उभा राहत नाही. फिल्म मात्र उभी राहत होती. चॅनलच्या बाईने ते मिनिट ऐकलं आणि ती रडली. म्हणाली, हेच शेवटी ठेवा, काहीही न कापता, काळा पडदा आणि पूर्ण साठ सेकंद. यावेळी वेळही चांगली देऊ म्हणाली, रात्री सव्वाआठची, माणसं जागी असतानाची. आल्मुटला आयुष्यात सव्वाआठ मिळाले नव्हते.

"आधी फ्राउ लाम्पे," आल्मुट म्हणाली.

जूनमध्ये आम्ही रेक्लिंगहाउझेनला गेलो. रोस्विताने केस सेट करून घेतले होते. टेबलावर चांगल्या कपबश्या होत्या आणि मध्ये तो बटाट्याच्या शेतातला फोटो. आल्मुटने सगळं आधी सांगितलं, एकही गोष्ट गाळली नाही, आणि मग मिनिट लावलं. रोस्विता हात मांडीवर ठेवून ऐकत होती.

"त्याला, काय?" ती म्हणाली. "पुढे?"

"पुढे नाही," आल्मुट म्हणाली. "पुढे आम्ही त्यांना गप्प केलं."

रोस्विताने सुरी उचलली, केक कापला आणि आम्हा दोघांच्या बश्यांत एकेक तुकडा ठेवला. स्वतः घेतला नाही. "सिंकच्या वर खिडकी आहे ना," ती म्हणाली, "तिथे उभी राहून मी त्याला शिव्या घालायचे. पळालास तो पळालास, मला टाकून पळालास. कुठे हॉलंडमध्ये असशील, बोटीवर लागला असशील. ढेरी सुटली असेल. नातवंडं असतील, त्यांना बहीण होती हे सांगितलंही नसशील." तिने टेबलावरचा फोटो सरळ केला. "रोज बोलायचे मी त्याच्याशी. पळाला होता म्हणून कुठेतरी होता."

आल्मुटने लॅपटॉप मिटला.

"तुम्ही मला दिशा आणून द्याल असं वाटलं होतं," ती म्हणाली. "आता तो पळालाही नाही, आणि कुठे आहे तेही नाही. हे काढा."

"फक्त शेवटचं मिनिट?" मी विचारलं. माझ्या तोंडून गेलं.

आल्मुटने माझ्याकडे पाहिलं. का आणि किती, हे विचारायचं नसतं.

"ते काढा," रोस्विता म्हणाली. "आणि माझं, योखेनचं, सगळंच काढा. कृपा करून."

परत येताना महामार्गावर आल्मुट म्हणाली, "सव्वाआठ गेले." मी म्हणालो, नियम तूच केलास. ती म्हणाली, "हो. एक तरी पाळू दे." घरी पोचल्यावर तिने चॅनलला चार ओळींचं पत्र लिहिलं आणि मला सांगितलं, ते मिनिट पुसून टाक.

त्यानंतर तिने फिल्म केली नाही. आमंत्रणं आली, ती नको म्हणाली. तिला समोरच्याला प्रश्न विचारून गप्प बसताच येईना. प्रश्न विचारायची आणि लगेच स्वतःच बोलायला लागायची, भराभरा, समोरच्याला मध्ये जागाच ठेवायची नाही. बेकरीतल्या पोरीपासून डॉक्टरपर्यंत सगळे तिला टाळू लागले. तिची मुलगी रविवारी फ्रायबुर्गहून फोन करायची, तोही पाच मिनिटांवर आला. गुरुवारी मी जायचो. ती दारातूनच सुरू व्हायची, आणि कधी दम घ्यायला थांबली तर पटकन म्हणायची, "तू काही म्हणत होतास का?" मी नाही म्हणायचो. दर गुरुवारी चार-पाच वेळा ती हे विचारायची.

रोस्विता मागच्या हिवाळ्यात गेली. तिच्या दगडावर दोन नावं आहेत. एकाखाली दोन तारखा आहेत, दुसऱ्याखाली एकच.

आता दुखावायला कोणी उरलं नाही म्हणून सांगतो. मी ते पुसलं नाही. आल्मुटला पुसलं असं सांगितलं. सव्वीस वर्षांत तिच्याशी बोललेलं ते एकच खोटं. त्या मिनिटात सुरुवातीला रेडिएटर आहे, लांबून ट्राम जाते, फडक्याखाली डायरेक्टर एकदा पंख हलवतो. मग ते अर्धं वाक्य, मग माझं शू, आणि मग छत्तीस सेकंद एक म्हातारा माणूस आम्ही सांगितलं म्हणून श्वाससुद्धा जपून घेतो आहे. त्या रेकॉर्डिंगच्या डब्यावर त्याच दिवशी, व्हॅनमध्ये बसून, माझ्या अक्षरात लिहिलेली चिठ्ठी अजून आहे: "कुबियाक, स्वयंपाकघर, शांतता. मध्ये किरकोळ व्यत्यय. बाकी स्वच्छ, वापरता येईल."